विसंवाद मंडळाचे गिराम साहेब

गिराम साहेबांच्या मते पिंपरी-चिंचवड नावाची शहरं किमान दोन आहेत, आणि रोज पाणी येतं ते दुसऱ्यात. हे ते चेष्टेनं म्हणत नसत. चेष्टा त्यांना जमायचीच नाही. पहिल्यांदा हे वाक्य ऐकून मी हसले, तर त्यांनी खिशातून छोटी वही काढली, 'सकाळी सव्वादहा, इन्स्पेक्शन रूम, ताई हसल्या' अशी नोंद केली आणि पुन्हा मायक्रोमीटर हातात घेतला.

भोसरीच्या एका मध्यम कारखान्यात आम्ही दोघं क्वालिटी डिपार्टमेंटला होतो. ते इन्स्पेक्टर, मी कागदवाली. महाळुंग्याच्या एका मोठ्या कंपनीला लागणारे बुश, म्हणजे पोलादी नळीचे छोटे तुकडे, आणि ब्रॅकेट आमच्याकडे व्हायचे. माल ते मोजायचे, मोजल्याचे कागद मी करायचे. न मोजल्याचेही करायचे, पण ते पुढे येईलच.

सोपान गिराम मूळचे परभणीकडचे. आयटीआय करून विशीत इकडे आले आणि पस्तीस वर्षं भोसरीत राहूनही बोली मात्र गोदाकाठचीच राहिली. अंगानं काटकुळे, शर्टाची बटणं गळ्यापर्यंत लावलेली, आणि वरच्या खिशात फिलर गेज. फिलर गेज म्हणजे पातळ पोलादी पात्यांचा जुडगा. दोन भागांमधली फट किती आहे हे त्यातलं एकेक पातं घालून बघायचं. ते कारखान्यात बघायचं असतं, पण गिराम साहेब कुठेही बघत. डब्याच्या झाकणाखाली पातं घालत, कॅन्टीनच्या डुगडुगत्या टेबलाखाली घालत, एकदा सरांच्या केबिनच्या दाराला घालून 'चार दशांश' असं पुटपुटताना मी त्यांना पाहिलं आहे. कुणी सांगितलं की बायकोशी बोलाचाली बंद आहे, तरी त्यांचा पहिला प्रश्न असायचा, फट किती.

आता मंडळाचं सांगते. आमचा एक बुश पहिल्या शिफ्टला बरोबर भरायचा आणि दुसऱ्या शिफ्टला तोच बुश जाड भरायचा. दोन्ही ऑपरेटर पोराबाळांच्या शपथा घेऊन सांगत. आमचे प्लँट हेड म्हणाले, दोघांतला एक गाढव आहे, शोधा. (त्यांना सगळे 'सर' म्हणत, मीही तेच म्हणते, नावात काही विशेष नव्हतं.) गिराम साहेब आठवडाभर दोन्ही शिफ्टना दोघांच्या पाठीशी उभे राहिले आणि त्यांनी रिपोर्ट दिला, 'दोन्ही मापं बरोबर. जगं दोन.' दुपारी शेडचा पत्रा तापतो आणि पोलाद फुगतं, एवढं तर मलाही ठाऊक होतं, तसं मी म्हटलंही. त्यावर ते शांतपणे म्हणाले की ते कारण या जगातलं झालं. सरांनी रिपोर्ट न वाचता सही करून ग्राहकाला पाठवून दिला. ग्राहकाचं उत्तर आलं, कृपया यापुढे आमच्या जगातल्या मापाचा माल पाठवावा. सर दोन दिवस त्या उत्तराचा अर्थ विचारत फिरत होते.

त्यानंतर महिनाभरात मंडळ निघालं. पूर्ण नाव 'समांतर जग विसंवाद नकाशा मंडळ', गुप्त. सिद्धांत सोपा होता. जगं पुष्कळ आहेत, पण आपल्या पट्ट्यात दोनच चालतात, कारण तिसरी शिफ्ट ऑर्डर असली तरच असते. ही दोन जगं एकमेकांना लागून चालतात आणि जिथे घासतात तिथे माणसं भांडतात. मी सांगितलं होतं, तुम्ही सांगितलंच नाही; इथेच ठेवलं होतं, इथे काही नव्हतं; ही भांडणं माणसांची नव्हेतच. दोघंही खरंच बोलतात, आपापल्या जगातलं. म्हणून भांडण मिटवायचं नाही. दोघांचं म्हणणं एकाच शाईनं लिहून घ्यायचं, दोन्हींत फट किती ते एक ते दहामध्ये मोजायचं आणि नकाशावर लाल ठिपका द्यायचा. नकाशा पुरा झाला की कुठे राहावं आणि कुठून जाऊ नये हे लोकांना कळेल, अशी त्यांची खात्री होती.

नियम एकच होता. मंडळाच्या माणसानं कोण बरोबर हे कधीही ठरवायचं नाही. ठरवलं की मंडळाबाहेर.

आम्ही चौघं होतो. गिराम साहेब, खोल्या भाड्यानं देणारे ज्ञानोबा बोऱ्हाडे, ज्यांच्या वडिलांच्या शेतावर आता आमचा निम्मा कारखाना उभा आहे, हिंजवडीला आयटीवाल्यांची कॅब चालवणारा संतोष, आणि लेखनिक म्हणून मी. मी का गेले हे लोक विचारतात. एक तर गुरुवारी एमआयडीसीला सुट्टी, घरी सासूबाई. दुसरं म्हणजे मला वाटलं होतं, गंमत आहे, बघू.

गुप्तपणा म्हणाल तर एवढाच, की मंडळाला पाटी नव्हती. बैठक दर गुरुवारी अकराला बोऱ्हाड्यांच्या एका रिकाम्या खोलीत व्हायची आणि अख्ख्या चाळीला ठाऊक असायची. शेजारणी मला विचारायच्या, आज उशीर झाला का हो तुमच्या गुप्तला. मोबाइलवरच्या ग्रुपचं नाव कुणाला संशय येऊ नये म्हणून 'पाणीकपात सूचना' ठेवलं होतं. त्यामुळे तीन अनोळखी माणसं कुणाच्या तरी ओळखीनं आपणहून आत आली आणि रोज सकाळी विचारू लागली, आज पाणी येणार का. गिराम साहेब त्यांना प्रामाणिकपणे उलट विचारायचे की कोणत्या जगात. त्यातल्या एका बाईंनी शेवटी लिहिलं, दादा, तिसऱ्या मजल्यावर.

सभासद होण्याआधी परीक्षा असे. रस्त्यावरचं एखादं भांडण अर्धा तास ऐकायचं आणि तोंड उघडायचं नाही. संतोष दोनदा नापास झाला. दुसऱ्यांदा तर तो रिक्षावाल्याच्या बाजूनं बोलला आणि रिक्षावाल्याचाच मार खाऊन आला. बोऱ्हाडे पहिल्या झटक्यात पास झाले. भाडेकरूंच्या तक्रारी वीस वर्षं तोंड न उघडता ऐकल्याचा तो फायदा, असं ते स्वतःच सांगत.

नकाशा मात्र बघण्यासारखा होता. जुन्या ड्रॉइंगच्या मोठ्या कागदांची पाठ वापरून, खळीनं चिकटवून, निगडीपासून चाकणपर्यंतचा सगळा पट्टा साहेबांनी स्वतः काढला होता. गल्ल्या, गेट, स्टॉप, चहाच्या टपऱ्या, सगळं अचूक. अक्षर कोरल्यासारखं. त्या माणसाला कुणी सरळ कामाला लावलं असतं तर शहराचं भलं झालं असतं, असं मला तेव्हा वाटायचं आणि अजून वाटतं.

ते नोंदी कसे घेत त्याचा एक नमुना सांगते. महाळुंग्याच्या एका चौकात काही छोट्या कारखान्यांनी मिळून शिफ्टची बस लावली होती. चाळीसेक कामगार रोज सांगत, बस आलीच नाही. बसवाला रोज सांगे, आलो, थांबलो, कुणी नव्हतं. त्याच्या रजिस्टरवर वेळ आणि सही होती. गिराम साहेब रजा टाकून तीन दिवस त्या चौकात उभे राहिले. मी एक दिवस सोबत होते. बस आली नाही. साडेसातला आम्ही बसवाल्याला फोन लावला, तर तो म्हणाला की मी चौकातच उभा आहे, तुम्ही कुठे आहात. मागून त्याच्या घरच्या मिक्सरचा आवाज येत होता. मी तसं म्हटलं. साहेबांचे डोळे भरून आले होते. म्हणाले, "ताई, चाळीस माणसं या जगात उभी हायेत अन् बस त्या जगात. अशी फट म्या जन्मात पाह्यली न्हाई." त्यांनी दहापैकी दहा दिले. कामगार त्या दिवशीही पायी गेले आणि अर्ध्या दिवसाचा खाडा लागला. ती नोंद नकाशावर झाली नाही, कारण त्याबद्दल कुणाचंच दुमत नव्हतं.

मला तेव्हापासून राग यायला लागला. कुणालाच दोष द्यायचा नसेल तर दोन जगं फार सोयीची पडतात. पण गिराम साहेबांवर रागावणं अवघड होतं. ते कुणाशी वर आवाज करून बोलत नसत, कुणाची चहाडी करत नसत. मशीनवर कुणाला लागलं की आधी आपली चिकटपट्टी आणि आयोडीन घेऊन धावत. कारखान्यात ज्याच्याशी कुणाचंच भांडण नाही असा तो एकच माणूस होता. सर त्यांच्यावर खूश असत ते याचसाठी.

कारखान्याचं स्वतःचं जग कसं बदलतं ते ऑडिटच्या दिवशी बघावं. ग्राहकाची माणसं येणार म्हटलं की आदल्या दिवशी फरशीवर पिवळे पट्टे रंगवले जातात, कंत्राटी पोरांना नवे बूट मिळतात आणि प्रेस मशीनच्या तोंडावर पिवळी जाळी बसते. ही जाळी असली की हात आत जात नाही. पण प्रत्येक जॉबला, म्हणजे प्रत्येक तुकड्याला, ती उचलावी लागते, त्यात वेळ जातो, टार्गेट पडतं. म्हणून ऑडिटवाले गेटबाहेर पडले की संध्याकाळी जाळ्या उतरतात आणि स्टोअरमध्ये जातात. बूटही जातात. गिराम साहेब त्या दिवशी उपास करत. दोन जगं एकमेकांवर येतात, ग्रहणच ते, असं म्हणत. आमच्या कारखान्याच्या जागी नकाशावर इतके ठिपके झाले होते की कागद फाटला आणि मागून ठिगळ लावावं लागलं.

जाळीच्या रोजच्या तपासणीचा तक्ता माझ्याकडे असे. 'जाळी जागेवर आहे का' असा प्रश्न आणि समोर रोजचा चौकोन. शनिवारी मी एका बैठकीत सहा दिवसांच्या खुणा करायचे, बरोबर, बरोबर, बरोबर, दोन वेगळ्या पेनांनी, म्हणजे खरं वाटावं. मला हे कुणी शिकवलं नव्हतं. आधीच्या माणसानं केलेलं बघून मी शिकले आणि त्याच्यापेक्षा सुबक करायला लागले.

साहेबांच्या घरी मी एकदाच गेले, नकाशाला कागद द्यायला. त्यांची बायको, सुलोचनाकाकू, भाजी चिरत होत्या. लग्नात यांनी कबूल केलं होतं की पाच वर्षांत परभणीला परत जाऊ, असं काकूंचं म्हणणं. असं आपण बोललोच नाही, हे साहेबांचं. तीस वर्षांचं भांडण त्यांनी दोन्ही बाजूंनी सुवाच्य लिहून ठेवलं होतं, फट सात. काकू म्हणाल्या, "दोन्ही जगांत भाजी मीच चिरते का, तेवढं बघा म्हणावं." साहेब खरंच विचारात पडले.

ते अंगणात गेल्यावर काकूंनी मला हळूच एक गोष्ट सांगितली. फार पूर्वी, चिंचवडच्या आधीच्या नोकरीत, एक महागडं मशीन मोडलं. दोन ऑपरेटर एकमेकांकडे बोट दाखवत होते. साहेबांना विचारलं, त्यांनी एकाचं नाव घेतलं. तो कामावरून गेला, जिंतूरला परतला. वर्षभरानं कळलं की मशीन मोडणारा दुसरा होता. साहेब माफी मागायला जिंतूरला गेले, तर त्या माणसानं त्यांना जेवायला वाढलं आणि एक शब्द बोलला नाही. तेव्हापासून यांनी कुणाला खोटं म्हटलं नाही, काकू म्हणाल्या. मला एकदम सगळं मंडळ कळलं. एक माणूस पुन्हा चुकू नये म्हणून त्यानं एक जास्तीचं जग बांधलं होतं.

मग दत्ताचं झालं.

दत्ता ढगे आमच्याकडे प्रेसवर होता, कंत्राटी, चाळिशीला आलेला, जालन्याकडचा. बायको आणि दोन मुलींसह बोऱ्हाड्यांच्याच चाळीत राहायचा. एका मंगळवारी दुपारी ब्रॅकेट अडकला म्हणून त्यानं हात आत घातला आणि प्रेस खाली आली. उजव्या हाताची तीन बोटं गेली. गिराम साहेबच आयोडीन घेऊन पहिले पोचले. आयोडीनचं तिथे काही काम नव्हतं.

चौकशी लागली. सरकारी अधिकारी पुढच्या शुक्रवारी येणार होते. प्रश्न एकच होता, अपघाताच्या वेळी जाळी होती की नव्हती. होती, तर दत्तानं ती वर करून निष्काळजीपणानं हात घातला. मग कंत्राट संपलं आणि भरपाईवर त्याचा हक्क नाही. नव्हती, तर जबाबदारी कारखान्याची. दत्ता म्हणत होता नव्हती. सर म्हणत होते होती. शेजारच्या प्रेसवाल्यांना काही दिसलं नव्हतं, त्यांना त्या आठवड्यात काहीच दिसत नव्हतं. आणि माझा तक्ता सांगत होता, मंगळवारी होती. मंगळवारची खूण मी शनिवारी केली होती, अपघाताला चार दिवस झाल्यावर. त्या शनिवारी सरांनी तक्ता मागितला तेव्हा तो चौकोन रिकामा होता आणि त्यांनी स्वतःचं पेन माझ्यापुढे धरलं. मी खूण केली.

राहता राहिले गिराम साहेब. त्या दुपारी प्रेसच्या सगळ्यात जवळ तेच होते. सरांनी त्यांना केबिनमध्ये बोलावलं, मलाही कागद घेऊन बोलावलं, आणि इतक्या वर्षांत पहिल्यांदा मंडळाची चौकशी केली. फार छान काम आहे म्हणाले. तुम्ही कुणाला खोटं म्हणत नाही, हे आम्ही वरपर्यंत सांगतो म्हणाले. तेच लिहा फक्त. दोन्ही म्हणणी आपापल्या जागी खरी आहेत, इन्स्पेक्टरला निर्णय देता येत नाही. दोन महिन्यांनी साहेब रिटायर होणार होते. त्यांना आणखी तीन वर्षं ठेवून घ्यायचा कागद टेबलावर सहीसाठी तयार होता. सरांनी तो लपवलाही नव्हता. मला सरांचं एक मानावं लागेल, मंडळाचा सिद्धांत आम्हा चौघांपेक्षा त्यांनाच नीट कळला होता.

गुरुवारी बैठक झाली. संतोषचं मत होतं की दोन्ही लिहावं, नियम नियम असतो. दत्ता बोऱ्हाड्यांचा भाडेकरू, आणि कारखान्याच्या निम्म्या पोरांना खोल्या त्यांच्याच. शेवटी म्हणाले, "व्हय बाबा, आपलं मंडळ न्याय कराया न्हाई काढलं. आमी कोण ठरवनारं?" मी नेहमीप्रमाणे लिहून घेत होते.

बैठक संपल्यावर साहेब मला म्हणाले, चला, दत्ताचं म्हणणं राहिलंय घ्यायचं. त्याची खोली चार दारं सोडून. हात पांढऱ्या बंडलात, मांडीवर उशी, तिच्यावर हात. बायकोनं आम्हाला चहा केला आणि बाहेर जाऊन उभी राहिली. साहेबांनी वही काढली. दत्ताला मंडळाचं ठाऊक होतं, सगळ्यांनाच होतं, आणि तो सभ्य माणूस. म्हणाला, "साहेब, तुमी दोन्ही लिव्हा. ते होती म्हणतेत तर त्यांच्याकडं असंल. माज्याकडं नव्हती. तुमाला माज्यापायी तरास नगं."

तेवढ्यात ड्रेसिंग बदलायला दवाखान्यातला माणूस आला. पट्टी सुटली. मी मान फिरवली. साहेबांनी फिरवली नाही. ते मालाकडे बघत तसे बघत राहिले, जवळून, पट्टी पुन्हा बांधून होईपर्यंत. मग दत्ताला विचारलं की सरांनी येऊन हात पाहिला होता का. दत्ता म्हणाला, पाहिला, पहिल्याच दिवशी. किती बोटं गेली म्हणाले ते? तीन म्हणाले. अन् तू? दत्तानं नुसतं त्यांच्याकडे पाहिलं.

बाहेर आल्यावर ते चाळीच्या पायरीवर बसले. वही मांडीवर, पेन उघडं. मला म्हणाले, "फट न्हाई हो ताई इथं. दोघांचं माप एकच यायलंय. फट नसली की मंडळ काय करतंय?" मी घरी गेले आणि रात्रीच्या पोळ्या करपवल्या.

शुक्रवारी अधिकारी आले. कॉन्फरन्स रूममध्ये सर, सरांचे वकील, दत्ता, त्याची बायको, गिराम साहेब आणि तक्ता घेऊन मी. अधिकारी साधे, कंटाळलेले गृहस्थ होते. त्यांनी साहेबांना विचारलं, जाळी होती का. सर खुर्चीत मागे रेलून बसले होते. त्यांना उत्तर ठाऊक होतं.

साहेब उभे राहिले. "नव्हती. मंगळवारी नव्हती, सोमवारी नव्हती. ऑडिट झालं त्या संध्याकाळी जाळ्या काढताना म्या सोता पाह्यल्या. दत्ता खरं बोलतोय, अन् होती म्हणणारे खोटं बोलायलेत. अन् म्या इतकी वर्सं बघून गप बसलो, त्ये बी लिव्हा."

अधिकाऱ्यांनी तक्ता उचलला. मग ही खूण कुणाची, असं विचारलं. साहेबांनी माझ्याकडे पाहिलं नाही. त्यांनी माझं नाव घेतलं असतं तर मला सोपं गेलं असतं. मी त्यांच्यावर चिडले असते आणि काहीतरी सारवासारव केली असती. पण ते जमिनीकडे बघत उभे राहिले. दत्ताची बायको मात्र माझ्याकडे बघत होती. शेवटी मी म्हणाले की माझी आहे, खोटी आहे, अपघातानंतर केलेली आहे. पेन कुणाचं होतं तेही सांगितलं. हे मोठं धैर्य वगैरे नव्हतं. साहेब बसत नव्हते, म्हणून मला बोलावं लागलं.

दत्ताचा हक्क कागदावर आला आणि पुढे त्याला मिळालाही. साहेबांना ठेवून घेण्याचा कागद टेबलावरून नाहीसा झाला. मला दुसरी नोकरी बघायला सांगण्यात आलं. आता मी चाकणला आहे आणि खुणा रोजच्या रोज करते.

पुढच्या गुरुवारी साहेब बैठकीला आले, पण बसले नाहीत. सभासद सोपान गिराम यांनी एका भांडणात कोण बरोबर हे ठरवलं असून नियमाप्रमाणे त्यांना मंडळातून काढण्यात येत आहे, असा ठराव त्यांनी स्वतःच वाचला. बोऱ्हाडे घाबरेघुबरे झाले. आम्ही तुम्हाला काढत नाही, तुम्हीच तर मंडळ काढलंत, असं म्हणत राहिले. साहेबांनी ठरावाखाली सूचक म्हणून स्वतःची सही केली आणि अनुमोदनासाठी वही संतोषपुढे धरली. संतोषनं रडत सही केली. नकाशा त्यांनी नेला नाही. तो हल्ली बोऱ्हाड्यांच्या खिडकीला उन्हासाठी लावलेला आहे.

मंडळ मात्र बुडालं नाही, उलट भरभराटीला आलं. संतोषच्या कॅबमध्ये हिंजवडीच्या एका कंपनीतल्या बाई बसायच्या. ट्रॅफिकमध्ये अडकल्या अडकल्या त्यांनी सगळा सिद्धांत ऐकला आणि त्यांना तो फार आवडला. आता त्या तीन तासांचं सत्र घेतात, मधे जेवण असतं, आणि संतोष शेवटी दोन शब्द बोलतो. आमचे सर एका सत्राला जाऊन आले. त्यांनी प्रेस शॉपमध्ये मोठी चौकट लावली आहे, 'प्रत्येकाचं सत्य वेगळं असतं', असं जुन्या सहकाऱ्यांनी मला कळवलं. चौकटीच्या खाली जाळी आहे का, ते मी विचारलं. जाळी आहे. ती आता वेल्डिंग करून बसवली आहे.

साहेबांना मी शेवटचं पाहिलं ते मागच्या वर्षी, भोसरीतच. एका आठ-दहा माणसांच्या वर्कशॉपमध्ये मला नमुन्याचे बुश आणायला जायचं होतं. आत गेले तर तपासणीच्या टेबलाशी दत्ता, डाव्या हातात व्हर्नियर धरून. साहेबांनी त्याला शिकवायला घेतलं होतं. पाच-सहा महिने दर गुरुवारी त्याच्या खोलीवर जाऊन डाव्या हातानं माप घ्यायचं, डाव्या हातानं आकडे लिहायचे. वर्कशॉपच्या शेठनी साहेबांच्या शब्दावर त्याला घेतला होता. साहेब स्वतः दाराशी स्टुलावर बसलेले, नोकरी नाही, पगार नाही, नुसते येऊन बसलेले. खूप वाळले होते. मला बघून हसले, आणि जेवलात का, असं विचारलं.

माझे बुश ज्या लॉटमधले होते तो लॉट दत्तानं बाजूला काढून ठेवला होता. वर लाल चिठ्ठी, आणि तिच्यावर पहिलीतल्या मुलासारख्या वाकड्या अक्षरात 'नापास'. शेठ त्याच्या डोक्यावर उभे. बाई गाडी घेऊन आल्यात, माल संध्याकाळी चाकणला पोचायला पाहिजे, इतक्या फरकानं जगात कुणाचं काही बिघडत नाही, असं बराच वेळ चाललं होतं. दत्तानं पुन्हा एक बुश उचलला, पुन्हा मोजला आणि खाली ठेवला.

"न्हाई जमत शेठ," तो म्हणाला.

शेठ वळले. गिराम साहेब, तुम्ही इतक्या वर्षांचे इन्स्पेक्टर, तुम्हीच याला समजवा, म्हणाले. दत्तानंही त्यांच्याकडे पाहिलं. त्याची मान ताठ होती, पण उजवा हात टेबलाखाली गेला होता. मीही पाहत राहिले. त्या लॉटवर माझाही दिवस अडकला होता.

"मला काय विचारायलात," गिराम साहेब म्हणाले. "इन्स्पेक्टर तो हाय. त्याला विचारा."

आणि ते उठले, स्टूल उचललं आणि दाराबाहेर उन्हात नेऊन ठेवलं.